कल्चर रिपोर्टबद्दल सतत येणारे प्रश्न

ठाण्यात नौपाड्यातल्या एका छोट्या लॅबमध्ये मी मायक्रोबायोलॉजीचं टेबल सांभाळते. काउंटरवर आणि फोनवर रोज तेच प्रश्न येतात. पेशंटच्या सुना विचारतात, नर्सिंग होमच्या सिस्टर विचारतात, सोसायटीचे सेक्रेटरी विचारतात, बी.एस्सी.च्या मुली तर विचारतातच. शेवटी सगळे प्रश्न एका ठिकाणी लिहून काढले. औषध कोणतं घ्यायचं हे मात्र इथे मिळणार नाही. ते तुमच्या डॉक्टरांचं काम.

१. लघवीची साधी तपासणी झाली आहे. मग कल्चर वेगळं कशाला?

साध्या तपासणीत लघवी मायक्रोस्कोपखाली पाहतात. पस सेल किती, रक्त आहे का, साखर आहे का, एवढं अर्ध्या तासात कळतं. जंतू दिसले तरी ते कोणते आणि कोणत्या औषधाला दाद देतील, हे त्यातून कळत नाही. कल्चरमध्ये तोच नमुना जंतूंना आवडेल अशा खाद्याच्या बशीवर, म्हणजे प्लेटवर, पसरवून ३५ ते ३७ अंशांच्या उबेत ठेवतात. एकेका जंतूपासून डोळ्यांना दिसेल एवढा ठिपका तयार होतो. त्याला आम्ही कॉलनी म्हणतो. एका कॉलनीत लाखो जंतू असतात, पण सगळे एकाच घरचे, म्हणून ओळख पटवता येते.

२. रिपोर्टला दोन-तीन दिवस का? अर्जंटचे पैसे भरले तर उद्या मिळेल का?

नाही. पैसे घेऊन जंतू लवकर वाढत नाहीत. पहिल्या दिवशी प्लेट लावली की कॉलनी दिसायला १८ ते २४ तास जातात. दुसऱ्या दिवशी ओळख पटवण्याच्या चाचण्या आणि औषधांची चाचणी लावतो, तिला आणखी १६ ते १८ तास. म्हणजे तिसऱ्या दिवशी सकाळी रिपोर्ट. काही वाढलंच नाही तर कधी दुसऱ्याच दिवशी 'नो ग्रोथ' कळवता येतं. अर्जंट असेल तेव्हा ग्राम स्टेनचा, म्हणजे जंतू रंगवून मायक्रोस्कोपखाली पाहण्याचा (प्रश्न ७), प्राथमिक निष्कर्ष डॉक्टरांना फोनवर सांगता येतो. त्यासाठी चिठ्ठीवर डॉक्टरांचा नंबर हवा, आणि तो दहापैकी सात चिठ्ठ्यांवर नसतो.

३. लघवीचा नमुना नेमका कसा घ्यायचा?

रिपोर्ट बिघडतो तो बहुतेक वेळा इथेच, लॅबमध्ये येण्याआधी. सकाळची पहिली लघवी उत्तम. आधी हात धुवा, मग ती जागा साध्या पाण्याने नीट धुवा. सुरुवातीची धार सोडून द्या, मधली धार डबीत घ्या, शेवटची पुन्हा सोडा. डबी लॅबनं दिलेली निर्जंतुकच हवी. लोणच्याची बाटली कितीही उकळली तरी चालत नाही. झाकण उलटं करून बेसिनवर ठेवू नका आणि डबीच्या आत बोट लावू नका. कॅथेटर, म्हणजे लघवीची नळी, असेल तर पिशवीतली लघवी आणू नका. ती तासन्‌तास साचलेली असते. नमुना नळीतून सिस्टरनं सुईनं काढायचा असतो.

४. आम्ही घोडबंदर रोडला राहतो. डबी लॅबला पोचेपर्यंत दीड-दोन तास होतात. चालतं का?

दोन तासांच्या आत पोचली तर चालतं. पण ट्रॅफिकचा हिशेब धरा. ई. कोलाय हा लघवीच्या संसर्गातला सगळ्यात नेहमीचा जंतू. त्याला सगळं मनासारखं मिळालं तर तो साधारण २० मिनिटांत दुप्पट होतो. दोन तासांत सहा वेळा दुप्पट म्हणजे एकाचे ६४. डबीत तो एवढ्या वेगानं वाढत नसला, तरी मे महिन्यात रिक्षाच्या मागच्या सीटवर राहिलेल्या डबीत त्वचेवरून चुकून आलेले चार-दोन जंतू रिपोर्टमध्ये भाव खाऊन जातात.

उशीर होणार असेल तर डबी प्लास्टिकच्या पिशवीत घालून फ्रिजमध्ये ठेवा, फ्रीजरमध्ये नाही. साधारण ४ अंशांवर २४ तासांपर्यंत काम भागतं. बोरिक अ‍ॅसिडची डबी मिळाली तर फ्रिजचीही गरज नाही, पण ती खुणेच्या रेषेपर्यंत भरावी लागते. हा नियम फक्त लघवीचा. ब्लड कल्चरची बाटली आणि पाठीच्या कण्यातलं पाणी फ्रिजमध्ये कधीच ठेवायचं नाही. तिथले काही जंतू थंडीनंच मरतात.

५. अँटिबायोटिकचा एक डोस घेऊन झाला आहे. आता कल्चर केलं तर?

करा, पण चिठ्ठीवर औषधाचं नाव आणि वेळ लिहा. एका डोसनंही लघवीतले जंतू एवढे दबतात की प्लेट कोरी राहू शकते, आणि मग तुम्ही 'लॅबला काही सापडलं नाही' म्हणून रागावता. नमुना डबीत घेऊन मग गोळी घेतली तर काहीच अडत नाही. रिपोर्ट येईपर्यंत डॉक्टर अंदाजानं औषध सुरू करतात आणि रिपोर्ट पाहून गरज पडली तर बदलतात. ती पद्धत बरोबरच आहे.

६. प्लेटमध्ये जंतूंना खायला काय घालता? चॉकलेट अगारमध्ये खरंच चॉकलेट असतं का?

नसतं. रक्त मिसळलेलं अगार तापवलं की तांबड्या पेशी फुटून त्याचा रंग चॉकलेटसारखा तपकिरी होतो, एवढंच. नखरेल जंतूंसाठी ते लागतं.

अगार मात्र तुमच्या घरात असण्याची शक्यता आहे. पुडिंगला वापरतो तो चायना ग्रास म्हणजेच अगार, समुद्री शेवाळातून काढलेला. आधी रॉबर्ट कॉख यांच्या प्रयोगशाळेत जिलेटिन वापरत. ते ३७ अंशांना वितळायचं, आणि काही जंतू तर ते खाऊनच टाकत. १८८१ मध्ये तिथल्या वॉल्टर हेसे यांच्या पत्नी फॅनी हेसे यांनी स्वयंपाकघरातला अगार सुचवला. तो उकळत्या पाण्याच्या जवळपास वितळतो आणि चाळिशीच्या आसपास थिजतो, म्हणून उबेतही घट्ट राहतो. झाकणाची चपटी काचेची बशी ज्युलियस रिचर्ड पेट्री यांनी १८८७ मध्ये मांडली. गेली सव्वाशेहून जास्त वर्षं या दोन गोष्टींत फारसं काही बदललेलं नाही.

आपल्याकडचीही एक गोष्ट सांगते. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला, तेव्हा हाफकिन यांनी भायखळ्याला ग्रँट मेडिकल कॉलेजमध्ये प्लेगचे जंतू मांसाच्या रसात वाढवले आणि वर तुपाचे थेंब तरंगत ठेवले. त्या थेंबांना धरून जंतूंच्या वाढीचे झुंबरासारखे धागे खाली लोंबत. ते मारून केलेली लस त्यांनी १० जानेवारी १८९७ रोजी आधी स्वतःला टोचून घेतली. परळची हाफकिन संस्था १९२५ पासून त्यांच्या नावानं ओळखली जाते.

७. पण जंतू ओळखता कसे? सगळे तर ठिपकेच दिसतात.

आधी रंग. १८८४ मध्ये हान्स क्रिश्चन ग्राम या डॅनिश डॉक्टरांनी शोधलेली पद्धत आम्ही आजही रोज करतो. काचेवर पातळ थर, क्रिस्टल व्हायोलेट, आयोडीन, मग स्पिरिटनं धुणं, मग सॅफ्रानिन. ज्यांची भिंत जाड ते जांभळे राहतात, बाकीचे गुलाबी होतात. स्पिरिट पाच सेकंद जास्त झालं की जांभळेही गुलाबी. नवीन मुलींचा हात इथेच फसतो.

मग प्लेटचं रूप. लघवीचा नमुना मॅकॉन्की नावाच्या गुलाबी प्लेटवर लावतो. लॅक्टोज म्हणजे दुधातली साखर पचवणाऱ्या जंतूंच्या कॉलनी गडद गुलाबी होतात. ई. कोलाय चपटा, कोरडा गुलाबी. क्लेबसिएला फुगीर आणि बुळबुळीत, आणि काही वेळा लूपनं, म्हणजे टोकाला वळसा असलेल्या तारेनं, उचलला तर पाकाला यावी तशी तार निघते. ब्लड अगारवर प्रोटियस आला तर कॉलनी राहतच नाही. भरतीच्या लाटांसारखे थरावर थर चढवत तो सगळी प्लेट व्यापतो, शेजाऱ्यांनाही गिळतो. स्यूडोमोनासची प्लेट हिरवट पडते आणि द्राक्षासारखा गोड वास येतो. प्लेट नाकाशी नेऊन हुंगू नये, हे मी प्रत्येक बॅचला सांगते. पण सकाळी इनक्युबेटरचं, म्हणजे उबेच्या कपाटाचं, दार उघडलं की आज आत कोण आहे ते आधी नाकालाच कळतं, हेही खरं.

त्यानंतर रासायनिक परीक्षा. हायड्रोजन पेरॉक्साइडचा थेंब टाकला आणि बुडबुडे आले तर स्टॅफिलोकोकस, आले नाहीत तर स्ट्रेप्टोकोकसच्या बाजूचा. ई. कोलायच्या नळीत कोव्हॅक्स नावाचं रसायन घातलं की वर चेरीसारखी लाल कडी येते, म्हणजे इंडोल चाचणी पॉझिटिव्ह, आणि सायट्रेटची नळी हिरवीच राहते. क्लेबसिएला न्यूमोनीचं उलट: लाल कडी नाही, आणि सायट्रेटची नळी निळी. प्रोटियस मिराबिलिस युरियाची नळी काही तासांतच गुलाबी करतो. एकाच चाचणीवर नाव ठेवायचं नसतं. पाच-सहांची कुंडली जुळली पाहिजे.

८. मोठ्या लॅबमध्ये हे सगळं मशीन करतं ना?

बरंचसं. व्हायटेकसारख्या मशीनमध्ये या परीक्षांची खणाखणांची कार्डं असतात. माल्डी-टॉफ तर कॉलनीवर लेझर मारून तिच्या प्रथिनांचं वजन मोजतं आणि काही मिनिटांत नाव सांगतं. पण कॉलनी आधी वाढवावी लागतेच, म्हणजे पहिला दिवस वाचत नाही. आणि भेसळ झालेली कॉलनी दिली तर मशीनचं उत्तरही भेसळीचंच.

९. रिपोर्टमध्ये एस, आय, आर लिहिलं आहे. आकडा सगळ्यात कमी ते औषध सगळ्यात चांगलं ना?

हा गैरसमज इतका पसरला आहे की या प्रश्नाला मी हल्ली कागद-पेन घेऊनच बसते. एस म्हणजे जंतू त्या औषधाला दाद देतो, आर म्हणजे देत नाही, आय म्हणजे मधला.

आधी चाचणी. जंतूंचं ठरावीक गढूळपणाचं पाणी करतो आणि म्युलर-हिंटन प्लेटवर स्वॅबनं तीन दिशांनी पसरतो, शेणानं अंगण सारवावं तसं, कुठे कोरं राहता कामा नये. त्यावर औषधाच्या कागदी चकत्या ठेवतो. दुसऱ्या दिवशी ज्या चकतीभोवती जंतू वाढले नाहीत तिथे स्वच्छ वर्तुळ दिसतं. त्याचा व्यास मिलिमीटरमध्ये मोजून तक्त्याशी ताडून पाहतो. मशीनवर वर्तुळाऐवजी एमआयसी मिळतो, म्हणजे जंतूंची वाढ थांबवायला लागणारं औषधाचं कमीत कमी प्रमाण.

आता गंमत. एस कोणत्या आकड्यापर्यंत म्हणायचं, ती प्रत्येक औषधाची रेघ वेगळी असते. ई. कोलायसाठी नायट्रोफ्युरँटॉइनचा आकडा १६ आला तर तो एस, कारण त्याची रेघ ३२ वर आहे. सिप्रोफ्लॉक्सासिनचा ०.५ आला तर तो आय, कारण त्याची रेघ ०.२५ वर आहे. सोळा चांगला आणि अर्धा वाईट! म्हणून दोन औषधांचे आकडे एकमेकांशी ताडून बघायचे नाहीत. अक्षर बघा.

एस लिहिलं म्हणूनही औषध तुमच्यासाठी योग्य ठरत नाही. नायट्रोफ्युरँटॉइन लघवीत साठतं, रक्तात पुरेसं पोचत नाही. मूत्राशयाच्या संसर्गाला ठीक, पण थंडी वाजून ताप येतोय आणि कमरेत दुखतंय, म्हणजे संसर्ग किडनीपर्यंत गेलाय, तर ते कामाचं नाही. प्रोटियसवर तर ते मुळातच चालत नाही. यादीतलं औषध मेडिकलवाल्याला दाखवून घेऊ नका, एवढी विनंती.

१०. 'एक लाखाहून जास्त' म्हणजे आजार खूप वाढलाय का?

नाही, तो तीव्रतेचा आकडा नाही. आमच्या लूपमध्ये १ मिलिलिटरचा हजारावा भाग मावतो. प्लेटवर १०० कॉलनी आल्या तर १ मिलिलिटरमध्ये १ लाख जंतू. त्याहून जास्त असले तर ते डबीत चुकून पडलेले नसून खरोखर मूत्रमार्गातले असावेत, एवढाच त्याचा अर्थ. त्रास असलेल्या बाईच्या लघवीत एकाच जातीचे १० हजार आले तरी डॉक्टर ते मनावर घेतात. उलटही होतं, त्यासाठी प्रश्न १३ पाहा.

११. 'मिश्र वाढ, नमुना पुन्हा पाठवा' असं आलं. पुन्हा पैसे भरायचे?

आमच्याकडे दुसऱ्या वेळचे घेत नाही. तीन किंवा जास्त जातींचे जंतू सारख्या प्रमाणात वाढले तर बहुतेक वेळा ते त्वचेवरचे असतात, आणि त्यांच्यावर औषधांची चाचणी करणं म्हणजे तुमची दिशाभूल. प्रश्न ३ वाचून पुन्हा घ्या.

१२. पस सेल भरपूर, ताप आहे, पण कल्चर 'नो ग्रोथ'. लॅब चुकली का?

चुकू शकते, पण आधी बाकीचं पाहा. अँटिबायोटिक घेतलं होतं का (प्रश्न ५)? मूतखडा आहे का? क्लॅमिडियासारखे काही जंतू या प्लेटवर वाढतच नाहीत. आणि वारंवार असंच येत असेल तर मूत्रमार्गाच्या टीबीचा विचार डॉक्टर करतात. तो नेहमीच्या कल्चरमध्ये कधीच सापडणार नाही (प्रश्न १७). 'नो ग्रोथ' म्हणजे या प्लेटवर, एवढ्या वेळात, काही वाढलं नाही. त्याहून जास्त त्यात वाचू नका.

१३. आजींना काहीही त्रास नाही, पण चेकअपमध्ये कल्चर पॉझिटिव्ह आलं. औषध सुरू करायचं ना?

बहुतेक वेळा नाही. वयस्कर बायकांमध्ये आणि कॅथेटर असलेल्यांमध्ये लघवीत जंतू असणं, पण त्रास नसणं, अगदी नेहमीचं आहे. उगाच औषध दिलं तर पुढच्या वेळी हट्टी जंतू मिळतो. मोठा अपवाद गरोदर बाईचा. तिला त्रास नसला तरी उपचार करतात, कारण तो संसर्ग किडनीकडे सरकू शकतो. मूत्रमार्गातून रक्तस्राव होईल अशी शस्त्रक्रिया ठरली असेल तरीही करतात.

१४. ब्लड कल्चरला एवढं रक्त का घेता? तेही दोन्ही हातांतून?

रक्तात जंतू फार विरळ असतात. मोठ्या माणसाच्या १ मिलिलिटर रक्तात एखादाच, कधी तेवढाही नाही. म्हणून एका बाटलीत ८ ते १० मिलिलिटर. दोन हात यासाठी की त्वचेवरचा स्टॅफिलोकोकस सुईबरोबर आत गेला तर तो एकाच हाताच्या बाटलीत येईल. दोन्हीकडे तोच आला तर मात्र गंभीर. एका बाटलीत आला आणि डॉक्टर म्हणाले 'सोडून द्या', तर त्यामागचं कारण हेच. मशीन पाच दिवस बाटल्यांवर नजर ठेवतं, पण खरे पॉझिटिव्ह बहुतेक पहिल्या ४८ तासांतच वाजतात.

१५. पावसाळ्यात ताप आला, विडाल पॉझिटिव्ह आहे. मग टायफॉइडचं कल्चर कशाला?

विडाल चाचणी १८९६ मधली. ती जंतू शोधत नाही, शरीरातली प्रतिद्रव्यं मोजते. पूर्वी झालेला टायफॉइड किंवा घेतलेली लस, अशा कारणांनीही ती पॉझिटिव्ह येते, आणि पहिल्या आठवड्यात खऱ्या पेशंटलाही निगेटिव्ह येते. नेमक्या त्याच पहिल्या आठवड्यात ब्लड कल्चर सगळ्यात उपयोगी, आणि औषध कोणतं चालेल हे तेच सांगतं. एका विडालवर चौदा दिवसांचा कोर्स घेतलेले लोक दर ऑगस्टमध्ये भेटतात. मला ते पटत नाही.

१६. लेप्टोचं (लेप्टोस्पायरोसिसचं) कल्चर का करत नाही?

कारण तो वाढायला आठवडे, कधी महिने घेतो, तेही खास द्रवात. इतका बारीक की ग्राम स्टेनमध्येही नीट दिसत नाही. तुंबलेल्या पाण्यातून चालून ताप आला तर पहिल्या आठवड्यात जंतूचा डीएनए शोधणारी पीसीआर चाचणी आणि साधारण पाचव्या-सातव्या दिवसानंतर प्रतिद्रव्यं शोधणारी आयजीएम एलायझा. पाण्यात किती तारखेला उतरला होतात, हे डॉक्टरांना आठवणीनं सांगा.

१७. टीबीचा रिपोर्ट दोन तासांत आला, तरी कल्चरसाठी दीड महिना थांबायला का सांगतात?

दोन तासांची सीबीनॅट चाचणी टीबीचा डीएनए शोधते आणि रिफॅम्पिसिनला दाद मिळेल का तेही सांगते. पण मेलेल्या जंतूचा डीएनएही तिला सापडतो. त्यामुळे उपचारांनी जंतू मेले का, हे पाहायला कल्चर लागतं. टीबीचा जंतू दुप्पट व्हायला १५ ते २० तास घेतो. प्रश्न ४ मधल्या २० मिनिटांशी तुलना करून बघा. द्रव माध्यमात ४२ दिवस, अंड्यापासून केलेल्या हिरव्या एलजे माध्यमावर ८ आठवडे थांबावं लागतं. हिरव्यावर त्याच्या कॉलनी फिकट पिवळट, खरखरीत, पावाच्या चुऱ्यासारख्या दिसतात. हे काम छोट्या लॅबनं करायचं नाही, वेगळी सुरक्षित खोली लागते. थुंकी देताना आधी चूळ भरा आणि खोल खोकून बेडका द्या. लाळ आणलीत तर परत पाठवावी लागते.

१८. सोसायटीच्या टाकीचं पाणी तपासायचं आहे. बिसलेरीची बाटली भरून आणू का?

नको. क्लोरीन मारणारं सोडियम थायोसल्फेट घातलेली निर्जंतुक बाटली आमच्याकडून न्या. ते नसेल तर वाटेत क्लोरीन जंतू मारत राहतं आणि रिपोर्ट खोटा चांगला येतो. नळाचं तोंड स्पिरिटनं पुसा, दोन-तीन मिनिटं पाणी सोडा, मग भरा आणि बर्फात ठेवून त्याच दिवशी आणा. दोन नमुने घ्या: एक पालिकेची लाइन आत येते तिथला, एक वरच्या मजल्यावरच्या नळाचा. पहिला स्वच्छ आणि दुसरा खराब असेल तर पालिकेला पत्र लिहिण्याऐवजी टाकी धुवा. भारतीय मानक १०५०० प्रमाणे पिण्याच्या १०० मिलिलिटर पाण्यात ई. कोलाय अजिबात सापडता कामा नये. थोडा चालतो, असं काही नाही.

१९. दोन लॅबचे रिपोर्ट वेगळे आले. कोणावर विश्वास ठेवू?

नमुना एकाच वेळचा होता का, आणि मध्ये गोळी घेतली का, ते आधी बघा. तेवढ्यानं निम्मी भांडणं मिटतात. लॅबही चुकते. माझ्या पहिल्या नोकरीत लागोपाठ तीन दिवस प्रत्येक प्लेटवर तीच करडी, सुरकुतलेली, कोरडी कॉलनी येत होती. मातीतला बॅसिलस. गणपतीआधी शेजारी रंगकाम चाललं होतं, आणि मी उकडतंय म्हणून प्लेट ओतताना पंखा लावला होता. सगळ्या प्लेट फेकल्या, तीन दिवसांचे पेशंट पुन्हा बोलावले. तेव्हापासून ओतलेली प्रत्येक बॅच एक रात्र रिकामीच उबेत ठेवते. सकाळी कोरी निघाली तरच वापरते. तुमच्या लॅबला हे विचारायला हरकत नाही.

२०. मुलाच्या शाळेच्या प्रोजेक्टसाठी घरी चायना ग्रासवर जंतू वाढवले तर?

नको. मोबाइलवरून, नाण्यावरून, घशातून काय वाढेल ते ठरवता येत नाही, आणि वाढलेलं मारायला १२१ अंशांची वाफ १५ मिनिटं लागते. घरच्या कुकरमध्ये जवळपास तेवढाच दाब होतो हे खरं, पण ज्यात वरण लावता त्यात ते करू नका. त्याऐवजी शाळेच्या मायक्रोस्कोपवर ताज्या दह्याचा पातळ थर बघा. शिक्षकांनी ग्राम स्टेन करून दिला तर जांभळ्या काड्या आणि जांभळ्या मण्यांच्या माळा दिसतील. दुसऱ्या दिवशी तेच दही आंबल्यावर पुन्हा बघा, आणि काड्या किती, माळा किती, ते वहीत मोजून लिहा.